दप्तरदाराचे टाके : ख्रिस्टोफर टॉल्किन यांच्या संपादनाचा प्रकरण अभ्यास

प्रकरण अभ्यासात एरवी माणसांची नावे झाकून ठेवतात. येथे तसे करण्यात अर्थ नाही, कारण ज्या दप्तराविषयी लिहायचे आहे त्यासारखे दुसरे दप्तर नाही आणि ते सांभाळणाऱ्याने आपल्या चुकांसकट सारा व्यवहार स्वतःच छापून ठेवला आहे. घरगुती बाबी मात्र मी बाजूला ठेवल्या आहेत. जे. आर. आर. टॉल्किन यांनी मिडल-अर्थ हे कल्पित जग साठ वर्षे रचले आणि ते अपुरे ठेवून त्यांचे निधन झाले. त्या जगाचे कागद त्यांचे धाकटे पुत्र ख्रिस्टोफर यांनी पुढे आयुष्यभर सांभाळले, लावले आणि प्रसिद्ध केले. दिवंगत लेखकाच्या अपुऱ्या खर्ड्यांवर काम करणाऱ्या कोणालाही या प्रकरणातून एक प्रश्न भेटतो : तुकडे जोडून सलग ग्रंथ तयार करताना संपादकाने आपले टाके दिसू द्यावेत की लपवावेत?

पार्श्वभूमी

थोरले टॉल्किन १९१६ मध्ये पहिल्या महायुद्धातील फ्रान्समधल्या सोमच्या लढाईत होते. खंदकज्वराने आजारी पडून इंग्लंडला परतल्यावर, बरे होण्याच्या काळात, त्यांनी या जगाच्या पहिल्या कथा वहीत उतरवायला घेतल्या. पुढे ते ऑक्सफर्डला प्राचीन इंग्रजीचे प्राध्यापक झाले, आणि अध्यापनाच्या जोडीने या कथा, त्यांतील भाषा, वंशावळी व कालगणना यांचे काम कधी जोमाने तर कधी वर्षानुवर्षांच्या खंडाने चालू राहिले. १९३७ मध्ये ‘द हॉबिट’ ही मुलांसाठीची गोष्ट यशस्वी झाल्यावर त्यांनी या मूळ पुराणकथांचे हस्तलिखित प्रकाशकाकडे दिले, पण ते स्वीकारले गेले नाही. प्रकाशकाला हॉबिट या बुटक्या कल्पित लोकांची आणखी गोष्ट हवी होती आणि त्यातून पुढे ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही कादंबरी उभी राहिली. पुराणकथा मात्र मागेच राहिल्या.

ख्रिस्टोफर यांचा जन्म २१ नोव्हेंबर १९२४ रोजी लीड्स येथे झाला. लहानपणी वडील ‘द हॉबिट’ची गोष्ट सांगत असताना या मुलाने त्यांना मध्येच अडवले : मागच्या वेळी दार निळे होते, आज हिरवे कसे झाले? वडील पुटपुटत उठले आणि टेबलाशी जाऊन त्यांनी नोंद करून घेतली. ही आठवण ख्रिस्टोफर यांनीच पुढे सांगितली आहे. ती कौतुकाची आहेच, पण मला ती या प्रकरणाची पहिली नोंद वाटते, कारण पाठभेद टिपण्याची सवय या माणसाला वाचनाआधी लागली होती.

दुसऱ्या महायुद्धात ते हवाई दलात होते. १९४४ मध्ये वैमानिकाच्या प्रशिक्षणासाठी ते दक्षिण आफ्रिकेत असताना वडील त्यांना नव्या कादंबरीची प्रकरणे तयार होतील तशी टपालाने पाठवत होते. १९५४ मध्ये ती कादंबरी प्रसिद्ध होऊ लागली तेव्हा तिच्यासोबतचा मोठा नकाशा ख्रिस्टोफर यांनी काढला होता. त्यानंतर त्यांनी ऑक्सफर्डमध्येच प्राचीन नॉर्स व मध्ययुगीन इंग्रजीचे अध्यापन केले, १९६० मध्ये एका आइसलँडी ‘सागा’ची (जुन्या गद्य वीरकथेची) मूळ संहिता, भाषांतर व टिपांसह संपादित केली आणि न्यू कॉलेजचे फेलो झाले. म्हणजे कागद हाती आले तेव्हा ते केवळ वारस नव्हते. जुन्या हस्तलिखितांची चिकित्सा हा त्यांचा पेशाच होता, आणि याच कारणाने या पुराणकथा ‘द सिल्मरिलियन’ या सलग ग्रंथाच्या रूपाने छापण्याचा १९७७ चा निर्णय अधिक विचार करण्याजोगा ठरतो.

समोरचा प्रश्न

२ सप्टेंबर १९७३ रोजी वडील वारले. त्यांनी त्याच वर्षी केलेल्या मृत्युपत्रात ख्रिस्टोफर यांना साहित्यिक विश्वस्त नेमले होते आणि अप्रकाशित लेखन छापण्याचा, संपादण्याचा, बदलण्याचा, नव्याने लिहिण्याचा, पूर्ण करण्याचा, इतकेच नव्हे तर नष्ट करण्याचाही अधिकार दिला होता. इतका मोकळा अधिकार संपादकाच्या मदतीला येत नाही. काय करू नये हे कोणी सांगितलेले नसले की प्रत्येक मर्यादा त्याला स्वतःच आखावी लागते.

सुमारे ७० खोक्यांतून आलेल्या त्या कागदांची अवस्था अवघड होती. सर्वांत जुन्या वह्यांत पेन्सिलीचा मजकूर खोडून त्यावरच शाईने नवा पाठ लिहिलेला होता, त्यामुळे पहिला खर्डा बहुतेक नाहीसाच झाला होता. पुष्कळ पानांवर तारीख नव्हती. युद्धकाळात कागदाची टंचाई होती, तेव्हा वडिलांनी तपासून झालेल्या उत्तरपत्रिकांच्या पाठकोऱ्या बाजूंवरही लिहिले होते. पात्रांची नावे दर आवृत्तीत बदलत, आणि एका आवृत्तीतील नाव दुसरीत वेगळ्याच पात्राला दिलेले सापडे. घाईत लिहिलेले अक्षर वाचणे हे तर स्वतंत्र कामच होते.

खरी अडचण याहून खोल होती. आरंभापासून अखेरपर्यंत पूर्ण झालेली या पुराणकथांची एकच संहिता उपलब्ध होती, ती १९३० च्या सुमाराची, आणि तीही संक्षिप्त. त्यानंतर वडिलांनी सुरुवातीची प्रकरणे पुन्हा पुन्हा विस्ताराने लिहिली, पण शेवटाकडे ते कधी परतले नाहीत. त्यामुळे ग्रंथाचा पूर्वार्ध १९५० च्या दशकातील प्रगल्भ शैलीत आणि उत्तरार्ध वीस-पंचवीस वर्षे जुन्या सारांशात, अशी विषम स्थिती होती. त्यातच उत्तरायुष्यात वडिलांनी या जगाचा पायाच हलवणारी टिपणे लिहून ठेवली होती. मूळ कथेत पृथ्वी आधी सपाट आहे आणि सूर्य-चंद्र दोन प्रकाशवृक्षांच्या शेवटच्या फळाफुलांपासून जन्मतात. नव्या टिपणांत पृथ्वी आरंभापासून गोल असावी आणि सूर्य आधीपासूनच असावा, असा विचार होता. तो स्वीकारला तर जवळजवळ प्रत्येक कथा पुन्हा लिहावी लागली असती.

आणखी एक अडथळा भूगोलाचा होता. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ व ‘द हॉबिट’ यांची हस्तलिखिते वडिलांनी १९५७ मध्ये अमेरिकेतील मिलवॉकी येथील मार्केट (Marquette) विद्यापीठाला १५०० पौंडांना विकली होती. एकाच जगाचे दप्तर अटलांटिकच्या दोन काठांवर विभागले गेले होते.

विचारात घेता येण्याजोगे मार्ग

पहिला मार्ग काहीच न छापण्याचा. वाचक १९५५ पासून या कथांची वाट पाहत होते आणि वडिलांनाही त्या प्रसिद्ध व्हाव्यात असे अखेरपर्यंत वाटत होते, त्यामुळे या मार्गाचा कोणी गंभीरपणे विचार केला असेल असे मला वाटत नाही.

दुसरा मार्ग सर्व आवृत्त्या कालक्रमाने, पाठभेद व टिपांसह छापण्याचा. मराठी वाचकाला या पद्धतीचा उत्तम नमुना पुण्यातच पाहता येतो. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने १९१९ मध्ये हाती घेतलेली महाभारताची चिकित्सक आवृत्ती १९६६ मध्ये पूर्ण झाली. वि. स. सुखटणकर यांनी घालून दिलेल्या शिस्तीनुसार तिच्यात वर निश्चित केलेली संहिता, खाली पाठभेद आणि वगळलेला मोठा मजकूर परिशिष्टात दिलेला आहे. ज्या पाठाविषयी संपादकाला खात्री नाही त्याखाली नागमोडी रेघ आहे. ती रेघ मला फार मोलाची वाटते. ‘हे मी ठरवले आहे, पण डोळे मिटून मानू नका’ असे ती वाचकाला प्रत्येक वेळी सांगते. अर्थात दोन्ही प्रकरणांत मोठा फरक आहे. तेथे शेकडो लेखनिकांच्या प्रतींतून एका संहितेकडे जायचे होते; येथे सर्व पाठभेद एकाच लेखकाचे होते आणि त्यांपैकी कोणताही अंतिम नव्हता.

तिसरा मार्ग निवड आणि जुळणी करून एकच सलग, सुसंगत कथन तयार करण्याचा. चौथा मार्ग तत्त्वतः सोपा वाटतो : लेखकाचा शेवटचा विचार तोच प्रमाण मानायचा. पण शेवटचा विचार अर्धवट टिपणाच्या रूपात असेल आणि तो आधीचे पूर्ण लेखन मोडीत काढत असेल, तर त्याला प्रमाण मानणे म्हणजे असलेला ग्रंथ पाडून नसलेल्या ग्रंथाची वाट पाहणे होय.

ख्रिस्टोफर यांनी तिसरा मार्ग घेतला. १९७७ च्या प्रस्तावनेत त्यांनी कारणही दिले आहे : सारी विविधता एका पुस्तकात मांडू गेलो तर गोंधळ होईल आणि जे महत्त्वाचे आहे तेच बुडून जाईल, म्हणून आतून सुसंगत अशी एक संहिता त्यांनी सिद्ध केली. वडिलांच्या उत्तरकालीन विश्वरचनेचा आधार त्यांनी घेतला नाही आणि जुनी सपाट पृथ्वी व प्रकाशवृक्ष कायम ठेवले. माझ्या मते हा दुसरा निर्णय निःसंशय योग्य होता.

कृती : १९७४ ते १९७७

या कामात गाय गॅव्ह्रिएल के हा तरुण कॅनेडियन विद्यार्थी १९७४-७५ मध्ये त्यांच्या मदतीला होता. पुढे तो स्वतः कादंबरीकार झाला. १९७५ मध्ये ख्रिस्टोफर यांनी ऑक्सफर्डची नोकरी सोडली आणि ते फ्रान्समध्ये राहायला गेले. ‘द सिल्मरिलियन’ सप्टेंबर १९७७ मध्ये प्रसिद्ध झाले आणि लवकरच अमेरिकेतील विक्रीच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेले.

वाचकाला मिळालेले पुस्तक सलग होते. आतल्या जोडकामाचा माग त्यात कुठेही नव्हता. एखादे वाक्य १९५१ मधील, त्यापुढचे १९३७ मधील आणि मधला दुवा संपादकाचा, असे अनेक ठिकाणी घडले होते. बहुतेक ठिकाणी हे जोडकाम लहान होते आणि वडिलांचेच शब्द वापरून केलेले होते. पण एका प्रकरणात ते तसे नव्हते, आणि या अभ्यासाचा मुख्य निर्णयबिंदू तोच आहे.

दोरिआथच्या नाशाचे प्रकरण

दोरिआथ हे थिंगोल या एल्फांच्या (या जगातील अमर मानवसदृश वंशाच्या) राजाचे वनराज्य. त्याची राणी मेलियन हिच्या मंत्रवलयामुळे त्यात शत्रूला शिरता येत नाही. कथेप्रमाणे शापित धनाच्या लोभातून डवार्फ (बुटक्या कारागिरांचा वंश) आणि थिंगोल यांच्यात वैर पेटते, राजा मारला जातो आणि राज्य लयाला जाते. या घटनेचे पूर्ण कथन वडिलांनी १९३० नंतर पुन्हा केलेच नाही. दरम्यान इतर कथा इतक्या बदलल्या होत्या की जुने कथन जसेच्या तसे बसत नव्हते. मंत्रवलय भेदून डवार्फांचे सैन्य आत शिरले तरी कसे, हा प्रश्न वडिलांनाही पडला होता. राजाला काहीतरी करून सीमेबाहेर आणावे आणि तेथे तो मारला जावा, असे टिपण त्यांनी करून ठेवले होते. त्यापुढे कथा गेली नाही.

येथे संपादकापुढे तीन वाटा होत्या. १९३० चा सारांश त्याच्या विसंगतींसह छापता आला असता. प्रकरण अपुरे ठेवून वडिलांचे टिपण जोडता आले असते. किंवा नवी कथा रचता आली असती. ख्रिस्टोफर आणि के यांनी अनेक पर्याय करून पाहिले आणि अखेर तिसरी वाट धरली. छापील ग्रंथात ह्यूरिन हा दुर्दैवी वीर सारा खजिना न आणता एकच कंठहार आणतो, डवार्फ कारागीर आधीपासूनच राजाच्या आश्रयाने आत काम करत असतात आणि थिंगोल आपल्याच भूमिगत राजवाड्यातील कारखान्यात त्यांच्या हातून मारला जातो. मंत्रवलयाची अडचण अशा रीतीने सुटते. वाङ्मयीन दृष्ट्या हे प्रकरण कमी प्रतीचे नाही. पहिल्या वाचनात मला त्यात परका हात जाणवला नव्हता, आणि आज याच गोष्टीची मला अधिक चिंता वाटते.

वाचकाला हे सांगितले गेले नाही. प्रस्तावनेत जुळणीचा सर्वसाधारण उल्लेख आहे, पण या प्रकरणातील कथावस्तूच संपादकांची आहे असे कुठे म्हटलेले नाही. सतरा वर्षे वाचक आणि अभ्यासक थिंगोलचा तो मृत्यू थोरल्या टॉल्किन यांचाच मानत राहिले.

स्वतःच्या कामाची फेरतपासणी

बहुतेक संपादक या ठिकाणी थांबले असते. पुस्तक गाजले होते आणि हरकत घेणारे फारसे कोणी नव्हते. ख्रिस्टोफर मात्र १९७७ नंतर पुन्हा पहिल्या पानाकडे गेले आणि त्यांनी सर्व हस्तलिखितांचा इतिहास लावायला घेतला. १९८१ मध्ये प्रकाशकाला लिहिलेल्या पत्रात त्यांनी या कामाचे माप दिले आहे : १,९६८ पाने, गठ्ठा साडेसोळा इंच, आणि अर्थातच छापण्याजोगे नाही. तेच काम काहीसे आटोपशीर करून १९८३ पासून ‘द हिस्टरी ऑफ मिडल-अर्थ’ या मालेच्या रूपाने बाहेर पडू लागले आणि १९९६ मध्ये बाराव्या खंडाने पूर्ण झाले. पहिला खंड आला तेव्हा ते ५८ वर्षांचे होते, शेवटचा आला तेव्हा ७१ वर्षांचे. सहाव्या ते नवव्या खंडांसाठी मिलवॉकीतील कागदांच्या छायाप्रती मागवून दोन्ही काठांवरच्या पानांचा क्रम जुळवावा लागला.

या मालेत ते स्वतःविरुद्ध साक्ष देतात. १९८३ च्या पहिल्याच प्रस्तावनेत त्यांनी मान्य केले की या कथा त्या कल्पित जगात कोणी नोंदवल्या आणि कशा टिकल्या याची चौकट न देता १९७७ चे पुस्तक छापणे ही चूक होती. १९९४ च्या अकराव्या खंडात त्यांनी दोरिआथच्या प्रकरणाचा सारा हिशेब मांडला : कथा बदलावी किंवा ग्रंथाची कल्पना सोडावी, असे दोनच पर्याय आहेत ही आपली तेव्हाची समजूत चुकीची होती आणि संपादकाच्या अधिकाराची मर्यादा इतकी न ओलांडता अडचणी सोडवता आल्या असत्या. १९७७ मध्ये गिल-गॅलाड या राजाला ज्या पित्याचा पुत्र म्हणून छापले होते, ती वडिलांची क्षणिक कल्पना होती, हेही पुढे अधिक बारकाईने पाहिल्यावर त्यांनी नोंदवले. त्याचे पितृत्व अनिश्चित ठेवणेच बरे झाले असते, असे त्यांचे मत बनले. १९५४ चा नकाशाही त्यांनी १९८० मध्ये दुरुस्त करून नव्याने काढला होता.

निष्पत्ती

या फेरतपासणीचा परिणाम असा की १९७७ च्या पुस्तकाचा जवळपास प्रत्येक परिच्छेद आज मुळापर्यंत नेऊन पाहता येतो. एका अमेरिकन अभ्यासकाने २००९ मध्ये ते काम प्रकरणशः करून दाखवले, आणि त्यासाठी लागणारा बहुतेक पुरावा ख्रिस्टोफर यांनीच पुरवलेला होता. कागदांचा मोठा भाग त्यांनी ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात ठेवला, आणि २०१६ मध्ये त्या ग्रंथालयाने त्यांना बॉडली पदक दिले.

नंतरच्या पुस्तकांत त्यांची पद्धतही बदललेली दिसते. २००७ मध्ये ह्यूरिनच्या मुलांची कथा त्यांनी पुन्हा सलग छापली, पण संहिता कशी जुळवली याचे परिशिष्ट सोबत दिले. २०१७ आणि २०१८ च्या पुस्तकांत तर त्यांनी सलगतेचा आग्रहच सोडला आणि एकाच कथेच्या आवृत्त्या एकापाठोपाठ ठेवल्या. त्यांपैकी पहिले आले तेव्हा ते ९२ वर्षांचे होते. १६ जानेवारी २०२० रोजी फ्रान्समध्ये त्यांचे निधन झाले.

काय वेगळे करता आले असते

कामाचा क्रम उलटा झाला, हे मला या प्रकरणातील मूळ दुखणे वाटते. आधी दप्तर लावायचे, मग संहिता सिद्ध करायची, ही चिकित्सेची रीत. येथे आधी संहिता छापली गेली आणि दप्तराचा इतिहास नंतर लिहिला गेला. गिल-गॅलाडसारख्या चुका त्यातूनच आल्या. मात्र दुसरी बाजूही खरी आहे. आधी बारा खंड काढायचे ठरवले असते तर ते कोणत्या प्रकाशकाने घेतले असते? १९७७ च्या सलग पुस्तकाने वाचकवर्ग तयार केला, आणि त्याच वाचकांच्या बळावर पुढची माला तेरा वर्षे चालू शकली. म्हणून सलग पुस्तक काढण्याच्या निर्णयाला मी दोष देत नाही.

दोष टाके झाकण्यात आहे, आणि तो टाळणे तेव्हाही शक्य होते. त्यासाठी हजार पानांची टीका नको होती. कोणते प्रकरण मुख्यतः कोणत्या काळातील खर्ड्यावर आधारले आहे आणि कथावस्तू कुठे संपादकाची आहे, हे सांगणारे वीस-पंचवीस पानांचे परिशिष्ट पुरले असते. ज्याला नुसती कथा हवी त्याने ते उघडले नसते. दोरिआथच्या प्रकरणाच्या आरंभी एक तळटीप, सुखटणकरांच्या नागमोडी रेघेइतकी छोटी, असती तर सतरा वर्षांचा गैरसमज झाला नसता. २००७ मध्ये त्यांनी हेच केले, यावरून हा उपाय त्यांच्या स्वभावाविरुद्ध नव्हता हे दिसते. १९७७ मध्ये तो का सुचला नाही याचे एक कारण मला असे वाटते की वडिलांचा ग्रंथ वडिलांचाच दिसावा, मध्ये आपण दिसू नये, ही मुलाची इच्छा त्या वेळी संपादकाच्या शिस्तीपेक्षा बलवत्तर ठरली असावी. ती इच्छा समजण्याजोगी आहे. पण तिचा परिणाम उलटा झाला, कारण स्वतःला पूर्ण झाकून घेतल्यामुळे जे आपले होते तेही वडिलांच्या नावावर गेले.

१९९९ मध्ये ‘द सिल्मरिलियन’ची दुसरी आवृत्ती निघाली. तिच्या आरंभी वडिलांचे १९५१ मधील एक दीर्घ पत्र घातले आहे, ज्यात त्यांनी या साऱ्या कथांमागची आपली कल्पना स्वतः समजावून सांगितली आहे, त्यामुळे चौकटीची उणीव थोडी भरून निघते. दोरिआथचे प्रकरण मात्र तसेच राहिले. नवा वाचक ते आजही खुणेवाचून वाचतो, आणि त्याविषयीचा कबुलीजबाब १९९४ च्या अकराव्या खंडात आहे.